घोकीचा चारा

घोटावड्याच्या त्या वस्तीवर कुणाच्या मनात घोकी शिरली, की घरचे लोक लीलाबाईंना बोलावणं धाडायचे. लीलाबाईंकडे औषध नव्हतं, मंत्र नव्हता, त्यांच्या अंगातही काही येत नव्हतं. त्यांना गप्प बसता यायचं, एवढंच. समोर माणूस डोळ्यांत पाणी आणून तेच ते सांगत असतं, आणि आपण त्याला होय म्हणायचं नाही, नाही म्हणायचं नाही, साधा हुंकारसुद्धा द्यायचा नाही. भरल्या घरातल्या बायकांना हे जमत नाही, मायेपोटी काहीतरी तोंडातून निघून जातंच. लीलाबाई मात्र तुळशीची माळ घेऊन बसायच्या आणि ओठ मिटून आतल्या आत नाम घेत राहायच्या. मध्येच त्या माणसाला एखादं काम सांगायच्या, जरा तांदूळ निवड, जरा अंगण झाड. पण त्याच्या त्या एका वाक्याला जबाब म्हणून नाहीच.

घोकी म्हणजे भूत नव्हे. भूत बाहेर असतं, ओढ्याला असतं, त्याला नारळ देता येतो. घोकीला अंगच नाही, ती एका वाक्याची असते. माणसाच्या मनात दिवसाकाठी शंभर विचार येतात आणि जातात, पण एखादा जात नाही. तो आत बसतो आणि सकाळ-संध्याकाळ तेच शब्द, तोच सूर लावून घोकत राहतो. तो जिवंत असतो आणि त्याला भूक असते. माणसाच्या आठवणी हे त्याचं खाणं. त्या वाक्यात ज्या माणसाचं नाव गुंतलं असेल त्याच्या आठवणी आधी, त्यातल्याही गोड असतील त्या सगळ्यांत आधी. वाक्य तोंडावाटे बाहेर पडलं आणि कुणी त्याला जबाब दिला, की जबाब देणाऱ्याच्या मनात घोकीचं पिल्लू पडतं. मग तो जबाब होकाराचा असो की नकाराचा. कोवळ्या घोकीला मात्र जबाबच मिळाला नाही, तर ती वाळून जाते. म्हणून गप्प बसायचं.

हे ऐकून नवी माणसं हसतात. वस्तीवरचे हसत नव्हते, कारण त्यांनी गेणबाच्या आईला पाहिलं होतं. गेणबा तेव्हा शाळकरी होता. कुठल्याशा लग्नाहून आल्यावर त्याच्या आईनं म्हटलं, ह्यो माझा पोरगा न्हाई, बदलून दिलाय. शेजारच्या चंद्रभागेनं तिची समजूत घालायचा विडा उचलला. पोराच्या पाठीवरचा डाग दाखवला, जन्माच्या वेळची सुईण आणून उभी केली. गेणबाची आई पोराचा पाळणा विसरली, बारसं विसरली, शेवटी नाव विसरली. चंद्रभागेचं काय झालं, तर एक दिवस तिनं आपल्याच लेकाला ताट वाढता वाढता हात आखडता घेतला आणि विचारलं, तू कुणाचा रं. तेव्हापासून वस्तीवर सगळ्यांनी तोंडाला कुलूप घालायचं ठरवलं. ते कसं घालायचं हे लीलाबाईंच्या सासूबाईंना ठाऊक होतं, आणि त्यांच्याकडून ते लीलाबाईंकडे आलं.

लीलाबाई कासारसाईच्या. धरणाच्या काठाला माहेर, लग्न होऊन घोटावड्यात हैबतरावांच्या घरी आल्या. नवरा भाताचा शेतकरी, उंच, दणकट आणि बोलघेवडा. इतका की बांधावर बैलांशीसुद्धा त्यांच्या गप्पा चालायच्या. बायको मुळातच अबोल. हैबतराव चारचौघांत म्हणायचे, "गावाची रडगाणी ऐकायला हिला येळ हाय, माझं तेवढं हिच्या कानात शिरत न्हाई." लीलाबाई पदर तोंडाला लावून हसायच्या, तेवढाच त्यांचा जबाब.

पुढं कारखाने आले, मग हिंजवडीचे लोक आले, आणि हैबतरावांनी गोठ्याच्या जागी भाड्याच्या खोल्या बांधल्या. कुणी लातूरचा, कुणी यवतमाळचा, कुणी थेट बिहारचा. सकाळी टाकीचं पाणी सोडणं हे लीलाबाईंचं काम. पूजा आटोपली की त्या व्हॉल्व्ह फिरवायला जायच्या आणि प्रत्येक खोलीपुढं थांबून सांगायच्या, भाऊ, पाणी सोडलंय. भाडेकरूंची नावं त्यांच्या लक्षात राहायची नाहीत, म्हणून सगळेच भाऊ.

एकुलता मुलगा कैलास जवळच्याच कंपनीत लागला. त्याचं लग्न कऱ्हाडकडच्या सायलीशी झालं. सायली हिंजवडीत नोकरी करायची आणि आठवड्यातले बरेच दिवस घरूनच लॅपटॉपवर काम करायची. सासऱ्याचं तिच्याशी फार जमायचं. तिच्या मीटिंगमध्ये ते मुद्दाम दारातून डोकावायचे आणि म्हणायचे, सायबाला सांग, आमच्याकडं इंद्रायणीचा भात खायाला ये.

रस्त्याकडची त्यांची भाताची खाचरं बंगल्यांच्या स्कीमला गेली, त्यानंतरच्या पावसाळ्यातली ही गोष्ट. सही करताना हैबतराव हसत होते, पण घरी आल्यावर त्या दिवशी ते जेवले नाहीत. पुढं महिनाभर बरे होते. मग एका दुपारी पानावर बसल्यावर उजवा हात मांडीवर तसाच ठेवून ते म्हणाले, "अगं, ह्यो हात माझा वाटंना."

लीलाबाई विचारणारच होत्या, म्हंजे कसं वाटतंय. पण तेवढ्यात त्यांनी दुसऱ्यांदा तेच म्हटलं. संध्याकाळी पुन्हा तेच. दुसऱ्या दिवशी सकाळी तेच, शब्द तेच, सूर तोच. त्यात हैबतरावांसारखा बोलणारा माणूस, ज्याला एक गोष्ट दहा तऱ्हांनी सांगितल्याशिवाय चैन पडत नसे, तो या वाक्यापलीकडे फारसं काही बोलेना. ज्या हातानं खाचराच्या कागदावर सही केली, तोच हात. तो माझा वाटत नाही म्हणजे काय, हे लीलाबाईंना लख्ख कळलं. आयुष्यभर दुसऱ्यांच्या घरात जी घोकी पाहिली ती आपल्या घरात आली होती. अजून कोवळी होती, वाळवता आली असती.

त्यांनी माळ हातात घेतली. कैलासला बाजूला घेऊन सांगितलं, आणि वस्तीवर वाढलेला पोरगा, तो लगेच समजला. सायलीला मात्र समजेना. तिनं मोबाईल काढला होता, गाडी बोलावते म्हणत होती, हाताला मुंग्या येतात का असं सासऱ्यांना विचारायलाही निघाली होती. लीलाबाईंनी तिचं मनगट धरून तिला मागच्या दारी नेलं.

"आई, डॉक्टरला दाखवायला काय हरकत आहे?"

"डाक्टर काय करंल? त्यो इचारंल, हे जबाब देतील, तू जबाब देशील. पिल्लू तुझ्यात पडलं म्हंजे? तुझ्या पोटात उद्या लेकरू येईल, त्याचं काय?"

सायलीनं त्यांच्याकडे पाहिलं. सासूबाईंच्या तोंडून एका दमात इतके शब्द तिनं कधी ऐकले नव्हते. तिनं मोबाईल ओढणीच्या टोकात गुंडाळला.

त्या दिवसांत ते घर कसं होतं, हे सायलीला नंतर नेमकं सांगता यायचं नाही. सासरे पानावर बसून म्हणायचे, ह्यो हात माझा वाटंना, आणि तिघं खाली मान घालून जेवायची. ते एकेकाच्या तोंडाकडे बघायचे. कैलासनं त्यांना सांगितलं, अण्णा, जरा पाईप बघा बरं. ते उठले, पाईपपाशी गेले आणि तसेच उभे राहिले. लीलाबाईंची माळ फिरत होती. त्यांनी त्या दिवसांत देवाला जेवढं आळवलं तेवढं जन्मात आळवलं नव्हतं.

एका सकाळी हैबतराव मोरीच्या दगडावरच कोसळले. पुण्याला नेलं. तिथल्या डॉक्टरीणबाई वयानं लहान होत्या, पण बोलल्या नीट. मेंदूची नस बंद पडत आली होती आणि हात हे त्याचं पहिलं लक्षण होतं. बोलण्याची जागाही त्याच बाजूला असते, म्हणाल्या, तीही हळूहळू बंद होत होती. म्हणून त्यांना दुसरे शब्द सापडत नसणार, जेवढे सापडले तेवढेच ते पुन्हा पुन्हा सांगत असणार. तुमच्या कुणाच्या लक्षात आलं नाही का, असं त्यांनी विचारलं. विचारण्यात टोचणी नव्हती. हैबतराव तिथून परत आले नाहीत.

तेरावं झालं, पाहुणे गेले. लीलाबाई पूर्वीसारख्याच पहाटे उठून पूजा करू लागल्या, पाणी सोडू लागल्या. एका दुपारी ताक घुसळता घुसळता त्यांच्या मनात आलं, ते सांगत होते आन मी माळ ओढत बसले. थोड्या वेळानं पुन्हा आलं. दिवेलागणीला पुन्हा. ह्या खेपेला त्यांनी हातातली वात खाली ठेवली. शब्द तेच होते, सूर तोच होता. ज्या बाईनं इतक्या जणांच्या घोक्या ओळखल्या, तिला आपली ओळखायला वेळ लागला नाही.

तोंडावाटे ती बाहेर काढायची नाही, हे त्यांनी तिथंच ठरवलं. सून आहे, मुलगा आहे, दोघांना अजून उमर काढायची आहे. पण मौनानं कोवळी घोकी वाळते ती बाहेरचे जबाब देत नाहीत म्हणून. लीलाबाईंच्या घोकीला जबाब रोज मिळत होता. ती म्हणायची, ते सांगत होते आन मी माळ ओढत बसले, आणि लीलाबाई मनातल्या मनात म्हणायच्या, व्हय. अशी घोकी वाळत नाही, बाळसं धरते.

ती खाऊ लागलीय हे पहिल्यांदा कळलं ते पौडच्या बाजारावरून. कैलास सहज म्हणाला, अण्णांनी तुला सायकलवर डबल सीट बसवून बाजारात नेलं होतं आणि वाटेत तुझी चप्पल पडली, तर त्यांनी आपल्या चपला तुला दिल्या आणि आपण अनवाणी सायकल मारली. घरात ही गोष्ट निदान शंभरदा सांगून झालेली. लीलाबाईंनी आठवायला मन आत घातलं, तर तिथं काही नव्हतं. खोली झाडून नेल्यासारखी जागा. त्यांनी मान हलवली, हसल्या, आणि माजघरात जाऊन भिंतीला टेकून उभ्या राहिल्या.

काय वाटेल ते होवो, हा माणूस असा चघळून संपवू द्यायचा नाही, असं त्यांना वाटलं. त्या सुट्टीच्या दिवशी त्या तांदळाचं सूप घेऊन सायलीपाशी ओसरीवर बसल्या. सायलीनं विचारलं, आई, तुमच्या मनात काय चाललंय, मला सांगा ना. लीलाबाईंनी भलतीकडूनच सुरुवात केली. म्हणाल्या, मी तुला ह्यांच्या गोष्टी सांगते, तू ठेवून घे. घोकीनं अजून न खाल्लेल्या होत्या तेवढ्या सगळ्या त्यांनी एकेक करून सुनेच्या ओटीत घातल्या. हळदीच्या दिवशी हैबतराव विहिरीत उडी मारून हळद धुऊन आले होते ते. कैलास जन्मला तेव्हा बाप पेढ्यांऐवजी चुकून बर्फी घेऊन आला आणि मुलगी झाली अशी गावभर आवई उठली ते. कासारसाईच्या धरणात लीलाबाईंच्या माहेरचं जुनं घर बुडालेलं, तर उन्हाळ्यात पाणी आटल्यावर त्यांचा नवरा चिखलात उतरून त्या घराच्या उंबऱ्याचा दगड शोधत बसला होता ते. सांगताना त्यांच्या चेहऱ्यावर जरा रंग चढायचा. पण ते वाक्य त्यांनी एकदाही उच्चारलं नाही. सायलीला ते वाक्य ओळखता आलं नसेल असं नाही. तिनंही उच्चारलं नाही.

हिवाळा सरेपर्यंत लीलाबाईंच्या मनातून हैबतराव पुरते संपले. देवघराशेजारी त्यांचा फोटो होता. लीलाबाई रोज देवांना फुलं वाहताना त्यालाही एक फूल वाहायच्या, हात जोडायच्या, आणि एकदा त्यांनी सायलीला हळूच विचारलं की हे महाराज कुठले, मठ कुठं आहे यांचा. सायलीनं तोंड फिरवलं आणि गॅस बंद करायला गेली.

त्यानंतर काहीच दिवसांनी कैलास कामावर निघाला असताना लीलाबाई त्याच्यापुढं आल्या आणि अदबीनं म्हणाल्या, "भाऊ, पाणी सोडलंय. भरून घ्या, आज टाकी लौकर संपंल."

कैलास बूट घालता घालता थांबला.

दुपारी तो कामावरून परत आला तेव्हा त्याचे डोळे सुजलेले होते. सायलीला म्हणाला की अण्णा संपले, आता घोकी माझ्यावर आलीय. पुढं तुझ्यावर येईल, मग देवावर. दोघं ओट्यापाशी उभी होती. कैलास शेतकऱ्याचाच मुलगा. उभ्या पिकात जनावर शिरू द्यायचं नसेल तर त्याच्यापुढं वैरण टाकावी लागते, एवढं त्याला ठाऊक होतं. त्यानं विचारलं, आईनं तुझ्याकडं ठेवायला दिलंय ते आहे ना? सायली म्हणाली, आहे. तो म्हणाला, मग त्यातलं थोडं थोडं तिला परत दे.

त्या संध्याकाळी सांजवात झाल्यावर सायलीनं सासूबाईंना हळदीची आणि विहिरीची गोष्ट सांगितली. लीलाबाई ऐकत गेल्या. ऐकता ऐकता त्यांची पाठ ताठ झाली, पदर डोक्यावर नीट झाला, आणि त्या लाजल्या. तेवढी एक संध्याकाळ त्यांना नवरा होता. सकाळी तो नव्हता, घोकीनं खाल्ला होता. पण सकाळी त्यांनी हाक मारली ती, कैलास, च्या घे, अशी.

मग हा रोजचा नेम झाला. आरती, आणि आरतीनंतर एक गोष्ट. एकदा सांगितलेली पुन्हा सांगून पाहिली, तर घोकीनं ती हुंगलीसुद्धा नाही आणि दुसऱ्या सकाळी कैलास पुन्हा भाऊ झाला. रोज ताजी लागायची. सायलीपाशी होत्या त्या संपत आल्या. कैलासनं आपल्याजवळच्या दिल्या, त्यातल्या काही त्यानं बायकोलाही कधी सांगितल्या नव्हत्या. गेणबा येऊन बसला, त्यानं दोन-चार सांगितल्या, आणि जाताना सायलीला म्हणाला, "वहिनी, माझ्या आईला असं वैरण घालणारं कुणी भेटलं न्हाई." भाडेकरू लोकांनाही विचारून झालं. यवतमाळच्या पोरानं सांगितलं, काकांनी मला तापात गरम भात आणून दिला होता. तीही एका संध्याकाळची सोय झाली.

आणि एक दिवस काहीच उरलं नाही. सायली देवापुढं बसली, तिनं सासूबाईंच्या वाट बघणाऱ्या चेहऱ्याकडे पाहिलं आणि ती बोलत गेली. एकदा म्हणे अण्णांनी भुकूमच्या एका लग्नात बँडवाल्याच्या हातातला ढोल घेऊन वाजवला होता, आणि तुम्ही मांडवाच्या खांबाआडून बघत होतात. असं काही घडलं नव्हतं. लीलाबाईंचे डोळे भरून आले. सकाळी त्यांनी कैलासला नावानं हाक मारली. घोकी खरं-खोटं बघत नव्हती. सायलीला त्या दिवशी जेवण गेलं नाही.

पुढचे काही महिने सायलीनं हैबतराव घडवले. ती हुशार मुलगी, तिचे हैबतराव खऱ्यापेक्षा सरस निघाले. खऱ्यांना राग यायचा, ते दावणीला लाथ मारायचे, एकदा भाकरी करपली म्हणून ताट भिरकावलं होतं. तिच्या हैबतरावांनी असलं काही केलं नाही. कैलास पायरीवर बसून ऐकायचा. आपला बाप असा नव्हता हे त्याला आधी कळायचं. नंतर नंतर, ढोलाची गोष्ट खरी होती की काय, असं त्याचं त्यालाच वाटू लागलं.

अशाच एका संध्याकाळी गोष्ट संपल्यावर लीलाबाईंनी माळ ओंजळीत गोळा केली. मग त्यांनी मान वर केली. एवढ्या दिवसांत ओठांपर्यंत न आलेलं ते वाक्य सरळ बाहेर आलं. "ते सांगत होते आन मी माळ ओढत बसले. व्हय गं सायली?"

कोण सांगत होतं, हे त्यांना ठाऊक नव्हतं. नुसतं वाक्य उरलं होतं, आणि त्याची वेदना जशीच्या तशी होती. पायरीवरून कैलासनं जोरात मान हलवली, बोलू नकोस. सायलीनं ते पाहिलं. पण समोर बसलेलं ते म्हातारं तोंड एकेकाच्या तोंडाकडे बघणाऱ्या तिच्या सासऱ्यांसारखं दिसत होतं. ती म्हणाली, "नाही आई. ते काही सांगत नव्हते. तुमचं काही चुकलं नाही."

लीलाबाईंनी सुस्कारा सोडला. त्या रात्री त्या गाढ झोपल्या.

सायलीच्या मनात पडलेल्या पिल्लाचं वाक्य वेगळं होतं. पिल्लू आईसारखंच दिसतं असं नाही. चार दिवसांनी पोळ्या लाटताना ती म्हणाली, "मी त्यांना तेव्हाच गाडीत घालायला हवं होतं." कैलास ऐकत राहिला. दुसऱ्या दिवशी तिनं तेच म्हटलं. तिसऱ्या दिवशीही. शब्द तेच, सूर तोच. आणि मग तिनं त्याला विचारलं, अण्णांनी बर्फी आणली होती ती कशाबद्दल रे?

कैलास ताटावर बसला होता. वस्तीची रीत त्याला तोंडपाठ होती. ती पाळावी तर सायलीची घोकी अजून कोवळी होती, कदाचित वाळलीही असती. पण ह्या घरात एकदा ती रीत पाळून झाली होती, आणि घोकी कुठली आणि खरं दुखणं कुठलं हे ओळखायची आपली लायकी नाही, हे त्याला मोरीच्या दगडापाशी कळलं होतं. तो उठला, तिच्या हातातलं लाटणं काढून घेतलं. म्हणाला, "हो. तेव्हाच घालायला हवं होतं. गाडी मी काढायला हवी होती. मी त्यांना पाईप बघायला पाठवलं."

सायली खाली बसली आणि सासरे गेल्यापासून पहिल्यांदा मोठ्यानं रडली. कैलासच्या मनात त्याच घटकेला काहीतरी येऊन टेकलं, हे त्याला कळलं. तो तिच्याशेजारी बसून राहिला.

लीलाबाई अजून आहेत. आरतीनंतरच्या गोष्टी आता बंद झाल्यात. पहाटे पूजा करतात, फोटोतल्या महाराजांना फूल वाहतात, व्हॉल्व्ह फिरवतात. मग खोल्यांपुढून सांगत येतात, भाऊ, पाणी सोडलंय. शेवटी आपल्या घराच्या दारात येतात. आत ओट्यापाशी ती दोघं हलक्या आवाजात एकमेकांना काहीतरी सांगत असतात. त्यांनाही त्या तेवढ्याच अदबीनं सांगतात, भाऊ, पाणी सोडलंय.